बंगळुरात ऐकलेली ब्रह्मपुत्रा

पन्नासचं दशक सरत आलं होतं, तेव्हा मी बंगळूरच्या रेडिओ केंद्रात लेखनिक म्हणून लागले. काम सोपं होतं. नाटकाची वही आली की कार्बन लावून तिच्या सात प्रती काढायच्या, ज्याच्या त्याच्या ओळींखाली लाल पेन्सिलीनं रेघ ओढायची आणि तालमीआधी नटांच्या हातात द्यायच्या. नाटकं कानडी असत. आमचं घर मराठी. पण आमचा कुणी पूर्वज तीनशे वर्षांपूर्वी फौजेबरोबर इकडे आला आणि इथलाच झाला, तेव्हा कानडी काही आम्हाला परकी नव्हती. आई मराठी बोलता बोलता "स्वल्प थांब गं" म्हणे, वडिलांना आम्ही अण्णा म्हणत असू, आणि दुकानदाराला 'बरं, बरं'ऐवजी "सरी, सरी" म्हणताना आपण कुठली भाषा बोलतोय हे कुणाच्या ध्यानातही येत नसे.

नोकरीला दीडेक वर्ष झालं असेल, तेव्हा ते आले. आसामी नाटककार. एका प्रांतातल्या नाट्यनिर्मात्यानं दुसऱ्या प्रांतात काही वर्षं काम करावं, अशी कुठलीशी योजना निघाली होती आणि तिच्यात आमच्या वाट्याला हे गृहस्थ आले होते. येण्याआधीच केंद्रात कुजबुज सुरू झाली होती. "कानडीचं एक अक्षर कळत नाही, आणि आमची नाटकं बसवणार?" आमचे एक जुने नट कॅन्टीनमध्ये मोठ्यानं म्हणाले. मलाही ते पटलं होतं.

पहिल्या दिवशी ते माझ्या टेबलापाशी आले. चाळिशीचे असतील. किरकोळ अंग, खादीचा झब्बा आणि गळ्यात लाल किनारीचा पांढरा पंचा. तिकडे त्याला गामोसा म्हणतात, हे मला नंतर कळलं. बंगळूरची सकाळची थंडी त्यांना बाधली होती. आवाज बसलेला होता. मी नुकती नक्कल करून ठेवलेली वही त्यांनी उचलली, उलटसुलट पाहिली आणि इंग्रजीत म्हणाले, "मला हे वाचता येत नाही. तुम्ही वाचून दाखवाल?"

"पण सर, तुम्हाला कळणार कसं?"

"तुम्ही वाचा तर."

मी वाचायला लागले. नाटक घरगुती होतं. तीन भाऊ, आजारी बाप, शेताची वाटणी. ते समोरच्या खुर्चीत डोळे मिटून बसले. मला वाटलं, झोपले. सातव्या पानावर मी पोचले तसा त्यांनी हात वर केला.

"थांबा. हा जो आता बोलला, तो खोटं बोलतोय का?"

मी वहीकडे पाहिलं. मधला भाऊ सांगत होता की तो म्हैसूरला जाऊन डॉक्टरांना भेटून आला. तो गेलाच नव्हता. पण ते नाटकात चौदाव्या पानावर उघड होणार होतं.

"हो," मी म्हटलं. "पण तुम्हाला कसं कळलं?"

"इथवर तो माणूस लहान लहान वाक्यं बोलत होता. इथं त्याचं वाक्य एकदम लांबलं. आणि तुमचा आवाज खाली गेला. तुम्हाला पुढचं ठाऊक होतं, म्हणून तुम्ही त्याला लपवायला मदत केलीत."

त्या दिवशी घरी गेल्यावर मी हे अण्णांना सांगितलं. अण्णा सरकारी कचेरीत कारकून होते आणि कशाचंही नवल त्यांना सहसा वाटत नसे. त्यांनी चष्मा काढला. "पुन्हा सांग," म्हणाले.

मग रोजचंच झालं. दुपारी तासभर मी त्यांना नाटक वाचून दाखवायची आणि ते कानडी शब्द स्वतःच्या आसामी लिपीत एका लांबट वहीत उतरवून घ्यायचे. माझ्यासमोर कानडी आणि त्यांच्या वहीत भलतीच अक्षरं, पण त्यांनी वाचलं की तंतोतंत कानडी. सहा महिन्यांत ते चहावाल्याशी, शिपायाशी, भाजीवालीशी बोलू लागले. चुका भरपूर होत्या. भाजीवाली हसे आणि जास्तीची कोथिंबीर देई. मला ते आता 'भोंटी' म्हणू लागले होते. त्यांच्याकडे धाकट्या बहिणीला तसं म्हणतात. मी मात्र त्यांना 'सर'च म्हणत राहिले. दुसरं काही तोंडातून निघेचना.

तालमीला ते नटांकडे पाठ करून उभे राहत. भिंतीकडे तोंड, हात मागे बांधलेले. नटांना आधी तो अपमान वाटला. मग त्यांच्या लक्षात आलं की पाठमोरा असूनही या माणसाला कोण कुठल्या ओळीवर पान उलटतो, कोणाचं लक्ष घड्याळाकडे आहे, सगळं कळतं. आमच्याकडे एक नामवंत नटी होत्या. त्यांचं रडणं फार गाजलेलं. एका प्रवेशात त्या हुंदके देऊन रडल्या तेव्हा आम्ही सगळे भारावून गेलो. सर वळले नाहीत. मोडक्या कानडीत एवढंच म्हणाले, "अक्का, रडू नका. रडू आवरा. आवरलेलं ऐकू येतं."

बाईंचा चेहरा उतरला. पण पुढच्या खेपेला त्यांनी रडू आवरलं, आणि काचेपलीकडे यंत्रापाशी बसलेल्या इंजिनियरनं नकळत आपला चष्मा पुसला. त्या दिवसानंतर कॅन्टीनमधली कुजबुज बंद झाली. त्या जुन्या नटांनीच सरांना सगळ्यांसमोर म्हटलं, "चुकलो आम्ही."

सरांच्या आयुष्याविषयी मला जे कळलं ते तुकड्यातुकड्यानं, कॅन्टीनमधल्या कॉफीवर. ते ब्रह्मपुत्रेच्या उत्तर काठावरच्या एका खेड्यात जन्मले. वडील चहाच्या मळ्यात मुनीम. दिवसभर साहेबापुढे मान खाली घालून उभं राहायचं, हेच त्यांचं काम. पण गावच्या प्रार्थनाघरात वर्षातून काही रात्री पौराणिक नाटकं होत, आणि तिथे वडील राजा होत.

"कागदाचा मुकुट," सर म्हणाले, "त्याला बेगड चिकटवलेली. सकाळी साहेबाच्या शिव्या खाल्लेला माणूस संध्याकाळी भर सभेत असा काही बोलायचा की समोर बसलेल्या म्हाताऱ्या हात जोडायच्या. मी विचार करायचो, हा आवाज बाबा दिवसा कुठे ठेवतात? मी नाटकं लिहायला लागलो ते हे शोधायलाच."

पुढे ते शिक्षक झाले. शाळेत बांबूच्या रंगमंचावर पोरांना घेऊन नाटकं केली. गुवाहाटीला रेडिओ सुरू झाला तेव्हा तिथे लागले. शेतकऱ्यांसाठी रोज संध्याकाळी कार्यक्रम असे: पाऊस, पाणी, पिकं. तो कार्यक्रम सर सांगत. एकदा सुट्टीत घरी जाताना दाट धुक्यात ते होडीत चढले आणि नावाड्याला म्हणाले, "पलीकडे किती वेळ लागेल?" नावाड्याला त्यांचं तोंड दिसत नव्हतं. वल्हं थांबवून तो म्हणाला, "तुम्ही रेडिओतले ना? गेल्या पावसाळ्यात तुम्ही पाणी चढेल म्हणालात म्हणून मी गुरं टेकडीवर नेली. शेजाऱ्यानं नाही नेली."

हे सांगून सरांनी कप बाजूला सारला. "भोंटी, तोवर मी आवाजावर प्रेम करत होतो. त्या दिवसापासून मला त्याची भीती वाटायला लागली. हवेत सोडलेला शब्द कुणाच्या गोठ्यात जाऊन बसेल सांगता येत नाही."

त्यांचं ते खेडं आता नव्हतं. नदी दरवर्षी थोडा थोडा काठ खात गेली. आधी शेतं, मग रस्ता, मग प्रार्थनाघर. एका पावसाळ्यात त्यांचं घरही गेलं. वडील त्याआधीच वारले होते. आई तेजपूरला जाऊन एका लहानशा घरात एकटीच राहत होती. मुलानं गुवाहाटीला चल म्हटलं, बंगळूरला चल म्हटलं. ती हलली नाही. "नदी दिसली पाहिजे," एवढंच तिचं म्हणणं.

यातूनच त्यांचं सगळ्यात गाजलेलं नाटक झालं होतं. काठ कोसळत येतोय, गाव उठून चाललंय, आणि एक म्हातारी आपलं घर सोडायला तयार नाही. शेवटी ती उंबऱ्यावर बसून राहते आणि घर तिच्यासकट पाण्यात जातं. आसामात गावोगाव ते झालं होतं. लोक रडत घरी जात.

मी एकदा त्यांना घरी जेवायला बोलावलं. आईनं बिचकतच ताट वाढलं. मासे खाणाऱ्या माणसाला आपलं जेवण काय रुचणार, म्हणून. त्यांनी आईला खाली वाकून नमस्कार केला आणि म्हणाले, "आई."

आई थक्क झाली. "अगं, यांना मराठी येतं?"

"नाही गं," मी हसत म्हटलं. मग त्यांनीच सांगितलं की आसामीतही आईला आईच म्हणतात. माझ्या आईला हे इतकं आवडलं की पुढे तिनं कधी त्यांना माझ्या ऑफिसातले साहेब म्हटलंच नाही. "माझा आसामचा मुलगा" म्हणायची. तिनं केलेलं चिंचेचं सार त्यांनी तीनदा मागून घेतलं. त्यांच्याकडेही भाताबरोबर आंबट सार असतं म्हणे. निघताना म्हणाले, "आज मी दोन हजार मैल चालून घरी आलो."

त्याच वर्षी केंद्रानं ठरवलं की त्यांचं ते नाटक कानडीत करायचं. एका कानडी लेखकानं इंग्रजीवरून रूपांतर केलं. प्रती मी काढल्या. नामवंत बाई म्हातारीच्या भूमिकेत. सगळं जमत आलं होतं, एक गोष्ट सोडून. काठ कोसळण्याचा आवाज.

आमच्याकडे आवाज करायची साधनं होती. पत्रा हलवला की गडगडाट, चाळणीत वाटाणे फिरवले की पाऊस, करवंट्या आपटल्या की घोडा. पण नदीनं काठ खाण्याचा आवाज? इंजिनियरनं घमेल्यात पाणी घेऊन त्यात मातीची ढेकळं टाकली. सर ऐकून मान हलवत. वाळूचं पोतं ओढलं, ओला गालिचा आपटला. नाही. "तो आवाज धपकन येत नाही," ते सांगत. "आधी काही तरी सुटल्यासारखं वाटतं. मग क्षणभर काहीच नाही. मग ते खाली जातं. आणि मग पाणी त्याला गिळतं. चार गोष्टी आहेत, भोंटी. आपल्याकडे एकच आहे."

बंगळुराला नदी नाही. तलावच तलाव. तेव्हा आम्ही तलावांवर जाऊ लागलो. सर, इंजिनियर, मी, आणि ट्रंकेएवढं ते ध्वनिमुद्रणाचं यंत्र, केंद्राच्या गाडीत घालून. एका सकाळी हेब्बाळला गेलो. तेव्हा ते शहराबाहेर होतं. पेरूच्या बागा, भाताची खाचरं आणि तलावाच्या कडेला विटांच्या भट्ट्या. आम्ही पाण्यात दगड टाकत होतो, तेवढ्यात पलीकडून एक आवाज आला, आणि सर जिथे होते तिथेच खाली बसले. चिखलात.

मी घाबरून धावले. "सर, काय झालं?"

त्यांनी ओठांवर बोट ठेवलं. पुन्हा तो आवाज. आम्ही त्या दिशेनं गेलो. विटांसाठी माती काढणारे मजूर होते. तलावाची चिकणमाती काढून काढून त्यांनी खोल खड्डा केला होता आणि त्यात पाणी साचलं होतं. मातीची उभी भिंत ते खालून कोरून काढत, मग वरून पहार घालत, आणि भिंतीचा मोठा तुकडा सुटून खाली पाण्यात जाई. आधी बारीकसं फाटल्यासारखं. मग शांतता. मग धप्प. मग बुडबुड्यांचा खोल घोट.

"हाच," सर म्हणाले. डोळ्यांतून पाणी वाहत होतं आणि ते पुसायचं त्यांना भान नव्हतं. "माझ्या घरामागे हाच ऐकू यायचा."

मजुरांमधली एक बाई पहार टेकून बघत होती. तिनं विचारलं, "यांचं काय हरवलंय?" मी सांगितलं, यांचं गाव नदीत गेलं, तो आवाज हे शोधतायत. तिनं बाकीच्यांना काही सांगितलं. त्या लोकांनी मग त्या दिवशीची माती आमच्यासाठी पाडली. आम्ही हात वर केला की पहार घालायची, हात खाली केला की सगळ्यांनी गप्प. लहान मूल रडलं तर तिनं त्याला पदराखाली घेतलं. सूर्य डोक्यावर येईपर्यंत आम्ही मुद्रण करत होतो. मी त्या खड्ड्याकडे बघत होते आणि मला खड्डा दिसतच नव्हता. जी नदी मी जन्मात पाहिली नव्हती ती हेब्बाळच्या चिखलात माझ्यासमोर वाहत होती.

नाटकाचा दिवस ठरला. आणि त्याच आठवड्यात चीनशी चाललेल्या युद्धाच्या बातम्या एकदम वाईट येऊ लागल्या. फौजा डोंगर उतरून येतायत, तेजपूर रिकामं होतंय, लोक मिळेल त्या होडीनं नदी ओलांडून जातायत. केंद्रातला बातम्यांचा टेलिप्रिंटर खडखडत होता आणि आम्ही सगळे त्याच्याभोवती उभे होतो. सर जरा मागे. कुणी त्यांच्याकडे बघायचं धाडस करत नव्हतं. तार जात नव्हती. फोन लागत नव्हता.

केंद्र संचालकांनी त्यांना आत बोलावलं. मीही वही घेऊन गेले होते. संचालक हळू आवाजात म्हणाले, "ते नाटक आत्ता नको. घरं सोडणारी माणसं, रडारड… लोक घाबरतील."

"बरोबर आहे," सर म्हणाले.

"तुम्ही रजा घ्या. घरी जा."

"घरी कुठे जाऊ? रस्ता इकडून तिकडे नाही, तिकडून इकडे चाललाय." मग म्हणाले, "मला दहा मिनिटं द्या. आज संध्याकाळी. कानडीत."

"कशावर बोलणार?"

"माझ्या गावावर. खेडं नदीत गेलं, आता तेजपूरच माझं गाव. इथल्या लोकांना तेजपूर म्हणजे फक्त नकाशावरचा एक ठिपका झालाय. तिथे माणसं राहतात एवढं सांगतो."

दुपारभर आम्ही बसलो. ते इंग्रजीत सांगत, मी कानडी करी, ते आपल्या लिपीत उतरवून घेत. एकही शब्द युद्धाबद्दल नव्हता. संध्याकाळी पावणेआठला तांबडा दिवा लागला. तेव्हाचं प्रसारण थेट. चुकलं तर चुकलं. मी आत त्यांच्या शेजारच्या स्टुलावर बसले होते, कागद सरकवायला.

"नन्न ऊरु नदीय दडदल्लिदे," त्यांनी सुरुवात केली. माझं गाव नदीच्या काठावर आहे. आवाज शांत होता, कुणी अंगणात बसून पाहुण्याशी बोलावं तसा. तिथे सकाळी कोण उठतं ते त्यांनी सांगितलं. तळ्यावर कपडे धुणाऱ्या बायका, बाजारात कोळ्यांची हाक, दुपारी झोपलेली शाळा, चहाच्या पेट्या चढवणारे हमाल. माझी आई तिन्हीसांजेला दिवा लावते, आणि दिवा लावताना नदीकडे एकदा बघते, असं ते म्हणाले. मग म्हणाले, "संध्याकाळची शेवटची होडी निघते, ती जाते…"

आणि थांबले.

रेडिओवर शांतता फार मोठी असते. काचेपलीकडे इंजिनियरनं हात वर केला. त्याचा चेहरा पांढरा पडला होता. मी कागदाकडे पाहिलं. पुढचे शब्द त्यांच्याच अक्षरात समोर होते: 'आचे दडक्के'. पैलतीराला. मला ती लिपी आता थोडी ओळखू येत होती. मी बोटानं ते शब्द दाखवले. सर कागदाकडे बघत नव्हते. ते समोरच्या भिंतीकडे बघत होते. मी मनात म्हटलं, देवा, यांना सांभाळ.

"आचे दडक्के," ते म्हणाले. आणि तिथून शेवटपर्यंत एकदाही अडले नाहीत.

दिवा विझल्यावर मी विचारलं, "सर, बरं आहे ना?"

"शब्द आठवेना," ते म्हणाले.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी बसमधून उतरले तर केंद्राच्या फाटकापाशी माणसं उभी होती. तेजपूरच्या लोकांसाठी कुणी लोकरीचे मोजे आणले होते, कुणी घोंगड्या. एक रिक्षावाला नुसताच आला होता. "त्यांची आई भेटली का?" एवढंच विचारायला. संचालक स्वतः फाटकापर्यंत आले. मी तिथे उभी होते आणि मला त्या धुक्यातल्या नावाड्याची गोष्ट आठवत होती. दहा मिनिटं, परकी भाषा, आणि एवढ्या मोठ्या शहराला एका अनोळखी म्हातारीची काळजी लागली होती.

युद्ध थांबलं. पण सरांच्या आईची बातमी नव्हती. दिवस गेले. सर रोज येत, तालमी घेत, भिंतीकडे तोंड करून उभे राहत. माझी आई रोज मला विचारी, "त्याच्या आईचं काही कळलं?" तिनं शनिवार धरायला सुरुवात केली होती.

अडीच आठवड्यांनी एक पाकीट आलं. तिकडे नदीपलीकडे नागाव आहे, तिथल्या कुठल्या नातेवाइकाचं. सरांनी ते माझ्या टेबलापाशी उभं राहून फोडलं, वाचलं, आणि हसायला लागले. मी इतकं हसताना त्यांना कधीच पाहिलं नव्हतं. खुर्ची ओढून बसले आणि मला वाचून दाखवलं, वाक्यावाक्याला इंग्रजी करत.

तेजपूर सोडायची हाकाटी झाली तेव्हा सगळ्यांना वाटलं, ही म्हातारी काही हलायची नाही. शेजारी तिची समजूत घालायला आले. तर म्हातारी आधीच घाटावर! पहिल्या होडीत, सगळ्यात पुढे, कडेवर शेळीचं पिल्लू, आणि नावाड्याला ओरडत होती की वेळ का लावतोस. पलीकडे उतरल्यावर तिनं दोन दिवस अनोळखी लोकांच्या पोरांना भात शिजवून घातला. आता नागावला होती, ठणठणीत, आणि तेजपूरला परत कधी जायचं म्हणून सगळ्यांचं डोकं खात होती.

"सर, किती छान झालं!" मी रडतच म्हटलं.

"छान झालं," ते म्हणाले. मग त्यांचं हसणं हळूहळू थांबलं. "भोंटी, मी ते नाटक चुकीचं लिहिलंय."

"चुकीचं? लोक इतके…"

"लोक रडतात. मी त्यांना रडवलं. ती म्हातारी उंबऱ्यावर बसून मरते, कारण मला ते सुंदर वाटलं. मी माझ्या आईला घरासाठी मरायला लावलं. आणि खरी आई काय करते? शेळी उचलते आणि चालायला लागते. ती नदी बघायला राहिली होती, मरायला नव्हे."

त्यांनी नाटक पुन्हा लिहिलं. दहा वर्षं गाजलेलं, गावोगाव झालेलं नाटक त्या माणसानं एका पत्रापायी फाडून पुन्हा लिहायला घेतलं. संचालकांनी समजावलं. नामवंत बाईंनी समजावलं. शेवटचा मरणाचा प्रवेश जाणार म्हणून त्या फार हिरमुसल्या. ते ऐकेनात. नव्या शेवटात म्हातारी उठते. घराच्या प्रत्येक खांबाला हात लावते, चूल विझवते, आणि होडीत बसल्यावर मागे काठ कोसळतो तेव्हा ती मान वळवत नाही. फक्त विचारते, "गेलं का?" आणि कुणीतरी म्हणतं, "गेलं." मग ती म्हणते, "चला. पोरांना भूक लागली असेल."

पुढल्या वर्षाच्या सुरुवातीला ते नाटक झालं. मी आत होते, म्हणून घरी काय झालं ते अण्णांकडून कळलं. आमच्या रेडिओभोवती शेजारपाजारची पंधरा-वीस माणसं बसली होती. हेब्बाळची ती माती कोसळली तेव्हा आई दचकून उठली आणि तिनं मागच्या भिंतीला हात लावून पाहिला. आणि "पोरांना भूक लागली असेल" या वाक्यावर, अण्णा म्हणाले, कुणी रडलं नाही. शेजारच्या अक्का उठल्या आणि म्हणाल्या, "कुणाला काही खायला हवंय का?"

सर आणखी दोन वर्षं होते. मला नाट्यविभागात साहाय्यक म्हणून घ्यावं, असं त्यांनीच लिहून दिलं. एका मुलीला, लेखनिकाला, त्या जागी घेण्याची तेव्हा पद्धत नव्हती. मी घाबरले. "मला जमेल?" मी विचारलं.

"तू दोन-तीन वर्षं मला वाचून दाखवतेस," ते म्हणाले. "मी नाटकं कानडीत ऐकली असं लोकांना वाटतं. मी ती तुझ्या आवाजात ऐकली."

ते गेले त्या दिवशी स्टेशनवर सगळं केंद्र आलं होतं. आईनं चिंचेच्या साराचा मसाला बाटलीत भरून दिला. त्यांनी पुन्हा वाकून नमस्कार केला.

गुवाहाटीला परत गेल्यावर काही वर्षांतच त्यांनी रेडिओची नोकरी सोडली. तिकडे तेव्हा तंबू घेऊन गावोगाव फिरणाऱ्या नाटक कंपन्या निघाल्या होत्या. त्यांच्यासाठी ते लिहू लागले. पत्रं येत. मैदानभर माणसं बसतात, रंगमंच दोन असतात, एकावरचा प्रवेश संपतो तोच दुसऱ्यावर दिवे लागतात. पन्नाशीला टेकलेला माणूस ट्रकवर सामानाबरोबर बसून गावं पालथी घालत होता.

साठचं दशक संपता संपता मी माझं पहिलं नाटक स्वतः बसवलं. ते मी त्यांना कळवलं. उत्तर महिन्याभरानं आलं, घाईत लिहिलेलं. तंबूतल्या कर्ण्यांजवळ बसून बसून डाव्या कानानं ऐकू येईनासं झालंय, असं त्यात होतं. म्हणून आता तालमीला ते उजवा कान नटांकडे करून उभे राहतात. पुढे लिहिलं होतं की आई अजून तेजपुरात आहे, तिला दिसतं कमी, पण होडी कुठली आली ते सांगते. आणि मग माझ्या नाटकाविषयी एकच ओळ: तुझ्या नटांना त्यांच्या ओळी पाठ होऊ देऊ नकोस, आधी समोरच्याच्या ओळी पाठ होऊ देत.

ते पत्र मी संचालकांना नेऊन दाखवलं. त्यांनी दोनदा वाचलं आणि शिपायाला सांगून तालीमखोलीत लावून घेतलं.